कोर्ट कमिशनरचा अहवाल : एका उपेक्षित गद्यप्रकाराची चिकित्सा

मराठी गद्याचा अभ्यास करताना आपण बखरी घेतो, ऐतिहासिक पत्रव्यवहार घेतो, निबंध, चरित्रे, प्रवासवर्णने आणि वृत्तपत्रीय लेखनही घेतो. परंतु ज्या गद्यावर माणसांची घरे, शेते आणि विहिरी प्रत्यक्ष अवलंबून असतात, त्याकडे वाङ्मयाच्या अभ्यासकाचे लक्ष क्वचितच जाते. स्थावर मिळकतीच्या दाव्यांत दिवाणी न्यायालयापुढे दाखल होणारा कोर्ट कमिशनरचा अहवाल हा अशा गद्याचा ठळक नमुना होय. तो बहुधा चार-सहा पानांचा असतो. त्याला नकाशा जोडलेला असतो, हल्ली छायाचित्रेही असतात. आणि दाव्याच्या गठ्ठ्यात तो एकदा जाऊन बसला की वादी, प्रतिवादी, त्यांचे वकील आणि न्यायाधीश यांखेरीज त्याला वाचक उरत नाही. ह्या मोजक्या वाचकांनाही त्यातील निष्कर्षाशी कर्तव्य असते, भाषेशी नसते. प्रस्तुत लेखाचे म्हणणे असे की, ह्या प्रकारात भाषा आणि निष्कर्ष ह्यांची फारकत करताच येत नाही. अहवालाचा न्याय-अन्याय पुष्कळ अंशी त्याच्या क्रियापदांत असतो.

येथे एक गोष्ट प्रथमच सांगून ठेवणे अवश्य आहे. पुढे जी वाक्ये नमुन्यादाखल दिली आहेत ती कोणत्याही प्रत्यक्ष अहवालातून उतरून घेतलेली नाहीत. अशा अहवालांच्या वळणावर ती रचलेली आहेत. ज्यांनी असे चार-दोन अहवाल वाचले असतील त्यांना ती ओळखीची वाटतील.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या, म्हणजे १९०८च्या पाचव्या कायद्याच्या, कलम ७५ ते ७८ मध्ये आणि तिला जोडलेल्या आदेश २६ मध्ये कमिशनचा सर्व विचार आलेला आहे. आजारी किंवा दूरस्थ साक्षीदाराची जबानी घेणे, हिशेब तपासणे, जागेवर जाऊन चौकशी करणे आणि वाटप करणे ही मूळची चार कामे. १९७६च्या दुरुस्तीने त्यांत शास्त्रीय अथवा तज्ज्ञ तपासणी, नाशवंत मालाची विक्री आणि केवळ कारकुनी स्वरूपाची कृत्ये यांची भर पडली. मिळकतीच्या वादात मुख्यतः दोन नियमांशी गाठ पडते. नियम ९ हा स्थानिक चौकशीचा आणि नियम १३ व १४ हे वाटपाचे. कमिशनर हा बहुतकरून त्याच न्यायालयात वकिली करणारा एखादा वकील असतो. त्याचा खर्च नियम १५ प्रमाणे पक्षकाराकडून न्यायालयात अगोदर भरून घेतात. आणि नियम १६ ने त्याला आदेशात नमूद केलेल्या जमिनीत किंवा इमारतीत वाजवी वेळी प्रवेश करण्याचा अधिकार असतो. लोकांच्या तोंडी 'कमिशन काढले', 'कमिशन येऊन गेले' असे प्रयोग असतात. बाजारात कमिशन म्हणजे दलाली. तेव्हा खेड्यातला एखादा वृद्ध पक्षकार ह्या शब्दाने प्रथम बिचकतो, हे स्वाभाविकच म्हटले पाहिजे.

नियम ९ चा हेतू काय, हे पाहण्यासारखे आहे. वादातील एखादी बाब विशद करण्यासाठी, किंवा मिळकतीचा बाजारभाव, मधल्या काळातील उत्पन्न वा नुकसानभरपाई ठरविण्यासाठी, न्यायालयास आवश्यक वाटल्यास ही चौकशी करावयाची. 'विशद करणे' हे येथे कळीचे पद होय. जे दाव्यात आधीच आहे परंतु कागदावरून नीट उमगत नाही ते उलगडून दाखविणे एवढेच काम त्यात येते. पक्षकाराच्या बाजूचा नसलेला पुरावा उभा करून देणे त्यात येत नाही. म्हणूनच कमिशनरचा उपयोग पुरावा गोळा करण्यासाठी होऊ देऊ नये, विशेषतः ताबा कोणाचा ह्या प्रश्नाचे उत्तर त्याच्याकडून मागू नये, असे उच्च न्यायालयांनी अनेकवार बजावले आहे. कमिशनरचा अधिकार आदेशाबाहेर आणि कायद्याबाहेर तिळभरही नसतो, हे १९६० साली सर्वोच्च न्यायालयाने एका निराळ्याच वाटेने सांगितले. गाझियाबादच्या एका दाव्यात न्यायालयाने वकील कमिशनर नेमून वादीच्या हिशेबाच्या वह्या जप्त करण्यास पाठविले होते. त्या कमिशनरला लाच देऊ केल्याचा खटला पुढे झाला. सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की वह्या अशा रीतीने जप्त करण्यासाठी कमिशनर नेमण्याचा अंगभूत अधिकार न्यायालयास नव्हताच. नेमणूकच निरर्थक, तेव्हा तो लोकसेवकही नव्हे. आणि आरोपी सुटले. लाच देऊ करणारे सुटतात हे वाचून मन खट्टू होते, पण तर्क अभेद्य आहे.

आता मुख्य मुद्द्याकडे वळू. नियम १० च्या दुसऱ्या पोटनियमाप्रमाणे कमिशनरचा अहवाल आणि त्याने नोंदलेली साक्ष ही दाव्यात पुरावा समजली जातात व अभिलेखाचा भाग होतात. त्याला न्यायालयात बोलावून तपासता येते, पण ते न्यायालयाच्या इच्छेवर, किंवा न्यायालयाच्या परवानगीने पक्षकाराच्या इच्छेवर अवलंबून आहे. तो तपासला गेला नाही म्हणून अहवाल बाद होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ सालच्या एका निकालात हे स्पष्टपणे सांगितले आहे. ह्या व्यवस्थेच्या शेजारी पुराव्याच्या कायद्याचा एक जुना नियम ठेवून पाहावा. तोंडी साक्ष प्रत्यक्ष असली पाहिजे. गोष्ट पाहिलेली असेल तर ज्याने पाहिली त्याने, ऐकलेली असेल तर ज्याने ऐकली त्याने येऊन सांगितले पाहिजे. १८७२च्या कायद्यात हे कलम ६० होते. २०२३च्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते कलम ५५ झाले आहे. साध्या साक्षीदाराला हा नियम पिंजऱ्यात उभे राहून पाळावा लागतो. त्याने 'गावात सगळे म्हणतात' असे म्हटले की विरुद्ध बाजूचा वकील उठून उभा राहतो. कमिशनरच्या अहवालात तेच वाक्य लेखी येते आणि तेथे उठून उभे राहणारे कोणी नसते. म्हणजे उलटतपासणीने जे काम व्हावयाचे ते येथे लेखकाच्या व्याकरणानेच करावयाचे असते, आणि त्या व्याकरणाची परीक्षा ही केवळ भाषाशास्त्रीय हौस राहत नाही.

एक वाक्य घ्या : 'दाव्याच्या मिळकतीच्या पूर्वेस आठ फूट रुंदीचा बोळ आहे.' ह्यातील 'आहे' निःशंक आहे, आणि मोजमाप कशाने व कोठून कोठपर्यंत केले हे पुढे लिहिलेले असेल तर ते योग्यही आहे. आता दुसरे वाक्य : 'सदर बोळाचा वापर प्रतिवादी करीत असल्याचे दिसून आले.' कमिशनर जागेवर तास-दीड तास असतो. 'वापर' ही तासाभरात डोळ्यांना दिसणारी वस्तू नव्हे. ती वर्षानुवर्षांच्या वर्तनाला दिलेले नाव आहे. त्या दिवशी प्रत्यक्षात काय दिसले असेल? प्रतिवादीच्या दाराशी टेकवलेली सायकल, वाळत घातलेले कपडे, जळणाचा ढीग, एखादे तुळशीवृंदावन. ह्यांतून वापराचे अनुमान निघेल वा न निघेल. सायकल आदल्या रात्री मुद्दाम ठेवलेली असू शकते, आणि नोटीस दोन्ही पक्षांना अगोदर मिळत असल्यामुळे अशी मांडामांड होत नाही असे कोण म्हणेल? अनुमान काढणे हे न्यायाधीशाचे काम. कमिशनरने त्याला सायकल द्यावयाची होती. त्याने 'वापर' देऊन टाकला. सायकल तर अहवालात कोठेच उरली नाही.

ह्या घोटाळ्याला मराठीतील 'दिसणे' ह्या धातूचा दुहेरी स्वभाव मोठाच हातभार लावतो. 'भिंत ओली दिसली' ह्यात डोळ्यांनी पाहणे आहे. 'भिंत नवी दिसते' ह्यात वाटणे, कयास, आहे. पहिल्याचा आधार दृष्टी, दुसऱ्याचा आधार अनुभव आणि तर्क. भाषेने दोहोंसाठी एकच क्रियापद वापरावे ह्यात दोष नाही. व्यवहारात संदर्भाने अर्थ कळतो. परंतु अहवालात लेखक तर्काचे वाक्य दृष्टीच्या पोशाखात पाठवू शकतो, आणि तसे केल्याचे त्याच्या स्वतःच्याही ध्यानात येत नाही. 'दिसून आले' ह्या संयुक्त क्रियापदात तर आणखी एक छटा आहे. 'दिसून येणे' म्हणजे पुष्कळ गोष्टी ताडून पाहिल्यावर शेवटी जे हाती येते ते. 'हिशेब तपासता तूट दिसून आली' हा त्याचा खरा प्रांत. ज्या क्रियापदात निष्कर्ष गर्भित आहे तेच क्रियापद ह्या गद्याने केवळ पाहण्यासाठी रूढ करून टाकले आहे, ही त्याची पहिली खोड.

दुसरी खोड त्याहून सूक्ष्म आहे. मराठीत अनुभव घेणारा चतुर्थीत येतो : 'मला दिसले', 'मला समजले', 'मला वाटले'. हा 'मला' अहवालात जवळजवळ नेहमी गाळला जातो. त्याच्या जोडीला 'पाहणी करण्यात आली', 'मोजमाप घेण्यात आले', 'विचारणा करण्यात आली' हे कर्त्याला नाहीसे करणारे सरकारी प्रयोग येतात. अभ्यासकांनी एखादा संपूर्ण अहवाल घेऊन त्यातील कर्ते मोजावेत. पहिल्या परिच्छेदातील 'मी खाली सही करणार' सोडला तर पुढच्या पानांत माणूस सापडणे कठीण जाते. हे नम्रतेमुळे किंवा तटस्थतेच्या कल्पनेमुळे होते असे समर्थन केले जाते. पण कर्ता काढून टाकल्याने विधान तटस्थ होत नाही, ते बेवारस होते. मोजमाप कोणी घेतले? कमिशनरने स्वतः, त्याच्या कारकुनाने, की टेपचे एक टोक वादीच्या मुलाने आणि दुसरे टोक प्रतिवादीच्या भावाने धरले? प्रत्यक्षात पुष्कळदा हे शेवटचेच घडते, आणि ते तसे लिहिले तर अहवालाची किंमत वाढेल, कारण दोन्ही टोके दोन्ही पक्षांच्या हाती होती हीच त्या मापाची सर्वांत चांगली साक्ष होय.

तिसरे वाक्य : 'सदर जागा वादीच्या ताब्यात असल्याचे उपस्थितांकडून समजले.' येथे तर ऐकीव गोष्ट आहे, बोलणाऱ्याचे नाव नाही, आणि 'ताबा' हा शब्द कायद्याचा आहे. ज्या वादाचा निर्णय व्हावयाचा तोच वाद ह्या एका शब्दात, एका अनामिक घोळक्याच्या तोंडून, निकालात निघाला. अशा वाक्याला न्यायाधीश अखेरच्या निकालात महत्त्व देणार नाहीत, असे कोणी म्हणेल, आणि ते बरोबरही असेल. परंतु अखेरचा निकाल येण्यास कित्येक वर्षे लागतात. मधल्या काळात तात्पुरत्या मनाई हुकुमाचा अर्ज असतो, तो कागदपत्रांवर आणि प्रतिज्ञापत्रांवर चालतो, आणि तेथे हा अहवाल हाताशी असतो. ज्याला तात्पुरता हुकूम मिळाला तो त्या घरात राहतो. दुसरा भाड्याच्या खोलीत राहून तारखांना येतो. एका क्रियापदाची किंमत अशी मोजावी लागते.

ह्यावर आक्षेप असा येईल की, अनुमानरहित वर्णन ही अशक्य गोष्ट आहे. 'भिंत' म्हणतानाही आपण अनुमानच करीत असतो. हा आक्षेप तत्त्वज्ञानाच्या वर्गात ठीक आहे. येथे प्रश्न अनुमान मुळीच नसावे असा नसून ते वेगळे ओळखू यावे असा आहे. 'गिलाव्यास हात लावला असता तो ओलसर लागला. सांध्यांतील सिमेंट करड्या रंगाचे असून त्यावर शेवाळ नाही. शेजारच्या भिंतीवर शेवाळ आहे. ह्यावरून भिंत अलीकडची असावी असे मला वाटते.' ह्या वाक्यात 'लागला', 'आहे' आणि 'असावी' ही तीन क्रियापदे आपापल्या जागी उभी आहेत. 'असावी' हे रूप मराठीने नेमके ह्याच कामासाठी घडविलेले आहे; अहवालांनी त्याला वाळीत टाकले, कारण ते दुबळे वाटते. वस्तुतः ते प्रामाणिक आहे.

आपल्याकडील जुन्या लेखनप्रकारांशी तुलना केली तर ही उणीव अधिक स्पष्ट होते. मराठेशाहीतील न्यायपद्धतीचा साधार अभ्यास वि. त्र्यं. गुणे यांनी १९५३ साली डेक्कन कॉलेजतर्फे प्रसिद्ध झालेल्या आपल्या इंग्रजी ग्रंथात केला आहे; त्यातून आणि प्रसिद्ध झालेल्या साधनांतून महजराचे स्वरूप कळते. महजराच्या आरंभी 'हाजीर मजालस' म्हणून जमलेल्यांची नावे, वतने व गावे येतात. मग वादी-प्रतिवादींच्या तकरिरी. मग साक्षी, कोणी काय सांगितले ते त्याच्या नावावर. आणि मग निर्णय. महजरातील न्याय सर्वथा आदर्श होता असे मुळीच सुचवावयाचे नाही. रवा काढण्यासारखी दिव्ये त्यात होती, आणि मजालशीत बसणाऱ्यांत वतनदारांचेच प्राबल्य असे. गावची शीव ज्याला सर्वांत चांगली ठाऊक, ज्याने ती दाखवावयाची, त्या महाराला निर्णयात मात्र समान स्थान नसे. परंतु लेखनप्रकार म्हणून पाहिले तर महजरात बेवारस वाक्य फार थोडे. जे सांगितले ते कोणी तरी सांगितलेले असे. त्याहून मागे गेले तर मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात सीमाविवादाचे प्रकरण आहे : सीमेच्या साक्षीदारांनी डोक्यावर माती घेऊन, तांबडी वस्त्रे व माळा धारण करून, आपल्या पुण्याची शपथ वाहून हद्द दाखवावयाची. त्यातील धार्मिक भय आज कोणाला मान्य होणार नाही. पण हद्द सांगणाऱ्याच्या डोक्यावर त्याच हद्दीची माती, ह्या कल्पनेत विधान आणि विधानकर्ता यांचा जो सांधा आहे तो 'दिसून आले' ह्या प्रयोगात तुटलेला आहे.

नकाशाची गोष्ट मात्र निराळी आहे, आणि अहवालांच्या गठ्ठ्यात तीच दिलासा देणारी. शेजारशेजारच्या जमिनींचा वाद असला आणि अतिक्रमण आहे की नाही हा प्रश्न असला तर तोंडी साक्षींनी तो कधीच सुटत नाही. हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली हेच म्हटले : वाद सीमांकनाचा आहे, तेव्हा स्थानिक कमिशनर नेमावयास हवा होता, आणि प्रकरण उच्च न्यायालयाकडे परत पाठविले. महाराष्ट्रात अशा वेळी भूमि अभिलेख कार्यालयाकडून मोजणी होते, तिला 'कोर्ट कमिशन मोजणी' असेच नाव आहे. मोजणीदार जुने टिपण काढतो. त्यातील मापे ३३ फुटी साखळीची, साखळीचे १६ आणे. एक साखळी लांब व एक साखळी रुंद म्हणजे एक गुंठा, ४० गुंठ्यांचा एकर. पूर्वी साखळी आणि फलकयंत्र घेऊन चाललेले हे काम आज इलेक्ट्रॉनिक यंत्रांनी आणि उपग्रहांच्या साहाय्याने होते. पण पद्धतीचे मर्म तेच राहिले आहे. मोजणीच्या नकाशावर अभिलेखाप्रमाणे येणारी हद्द आणि जागेवरची वहिवाटीची हद्द अशा दोन रेषा वेगवेगळ्या खुणांनी दाखवितात, आणि कोणती खूण कशाची हे कोपऱ्यात लिहून ठेवतात. कागदाप्रमाणे काय असावयास हवे आणि आज प्रत्यक्ष काय आहे, ह्यांतील भेद नकाशा एका दृष्टिक्षेपात राखतो. गद्यात तोच भेद राखण्याची सोय असूनही लेखक ती वापरत नाही. मोजणीदाराला भाषेची पदवी नसते, त्याला खुणांची शिस्त असते. वकिलाच्या बाबतीत बहुधा उलट घडते.

न्यायालये स्वतः ह्या गद्याकडे कोणत्या दृष्टीने पाहतात? येथे दोन प्रवृत्ती आढळतात. प्रिव्ही कौन्सिलच्या, १९४०च्या निकालसंग्रहात आलेल्या, एका निर्णयाचा दाखला आजही दिला जातो. दीर्घ व काळजीपूर्वक केलेल्या स्थानिक चौकशीचा निष्कर्ष सबळ व निश्चित कारणांवाचून उलथून टाकू नये. न्यायालयाने स्वतःच तज्ज्ञाची भूमिका घेणे धोक्याचे आहे, असा त्याचा आशय. मात्र हा दाखला देताना त्यातील अटी बहुधा मागे पडतात. ज्याची सचोटी आणि दक्षता निर्विवाद आहे, ज्याच्या श्रमाची साक्ष त्याचा अहवालच देतो आणि ज्याने कोणत्याही पक्षाचे म्हणणे डोळे झाकून स्वीकारलेले नाही, अशा कमिशनरविषयी ते उद्गार आहेत. श्रमाची साक्ष अहवालच देतो, ही अट वाङ्मयीन आहे असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. चार ओळींत 'पाहणी करण्यात आली' म्हणणाऱ्या अहवालाला ती लावता येत नाही. दुसरी प्रवृत्ती ह्याच्या अगदी उलट : अहवाल हा पुराव्याचा केवळ एक तुकडा, तो बंधनकारक नाही, असे म्हणून हवा तेव्हा बाजूला सारणे. एका प्रवृत्तीत तो वाचण्यापूर्वीच मान्य होतो, दुसरीत न वाचताच अमान्य. असमाधान वाटल्यास पुढील चौकशीचा आदेश देण्याची मुभा नियम १० च्या तिसऱ्या पोटनियमात आहे, ती खऱ्या अर्थाने वापरावयाची तर कोणते वाक्य अपुरे आहे हे बोट ठेवून सांगावे लागेल. 'कमिशनरने पुन्हा पाहणी करावी' एवढ्या मोघम आदेशाने दुसरा अहवालही पहिल्याच वळणाचा येतो. न्यायाधीशाला स्वतः जागा पाहण्याचाही अधिकार आहे, आणि १९७६च्या दुरुस्तीने त्याच्यावर पाहिलेल्या गोष्टींचे टिपण करून ते अभिलेखात ठेवण्याचे बंधन घातले. जो नियम न्यायाधीशाच्या डोळ्यांना लागू तो कमिशनरच्या डोळ्यांना लागू नसावा असे मानण्यास आधार नाही.

तज्ज्ञांच्या बाबतीतही हा प्रश्न सुटत नाही, फक्त मोठा होतो. ह्या शतकातील सर्वांत गाजलेला मिळकतीचा दावा अयोध्येचा. त्यात अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या आदेशाने २००३ साली भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाने उत्खनन करून अहवाल दिला. सर्वोच्च न्यायालयाने ९ नोव्हेंबर २०१९च्या निकालात त्याचा विचार नियम १०-अ च्या, म्हणजे शास्त्रीय तपासणीच्या, संदर्भात केला. निकालाच्या इतर अंगांविषयी येथे काहीच म्हणावयाचे नाही. आपल्या विषयापुरते लक्षणीय हे की, न्यायालयाने अहवाल पुराव्यात घेतला, आणि त्याच वेळी दोन मर्यादा नोंदविल्या : जमिनीखालील जुनी वास्तू मशीद उभारण्यासाठी पाडली होती काय, ह्या प्रश्नाचे उत्तर अहवालात दिलेले नाही, आणि केवळ पुरातत्त्वीय निष्कर्षांवर जमिनीची मालकी ठरविता येत नाही. अहवालात काय आहे ह्याइतकेच त्यात काय नाही हे वाचणे, हा वाचनाचा नमुना तालुक्याच्या न्यायालयातील चार पानी अहवालालाही लागू पडावा.

हल्ली छायाचित्रे आल्यामुळे गद्याची जबाबदारी संपली असे मानण्याकडे कल दिसतो. छायाचित्राला नव्या साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र जोडावे लागते, ते जोडलेही जाते. पण चित्र कोठे उभे राहून, कोणत्या दिशेस तोंड करून, किती वाजता घेतले हे वाक्यातच सांगावे लागते, आणि तेथे पुन्हा 'छायाचित्रे घेण्यात आली' हेच वाक्य भेटते.

वाटपाच्या कमिशनबद्दल थोडे वेगळे लिहिले पाहिजे, कारण तेथे कमिशनर नुसता पाहत नाही, तो तोडतो. सरकारसारा देणाऱ्या शेतजमिनीचे वाटप कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकारी किंवा त्यांचे हाताखालचे अधिकारी करतात. कमिशनरच्या वाट्याला येतात ती घरे, वाडे, गावठाणातील आणि शहरातील जागा. प्राथमिक हुकूमनाम्याने हिस्से ठरलेले असतात. एकतृतीयांश म्हणजे नेमका कोणता जिना, कोणती पडवी, हे कमिशनरने ठरवावयाचे आणि प्रत्येक हिस्सा चतुःसीमांसह वेगळा दाखवावयाचा. आपल्या व्यवहारभाषेत ह्यासाठी 'सरस-निरस मानाने वाटप' असा एक सुंदर प्रयोग आहे. रस्त्यावरची खोली सरस, मागची अंधारी खोली निरस; विहिरीजवळचा तुकडा सरस, उकिरड्याकडचा निरस; एकाला केवळ सरस आणि दुसऱ्याला केवळ निरस जाऊ नये. क्षेत्रफळाच्या पलीकडचे मोल भाषेने येथे दोन विशेषणांत धरून ठेवले आहे, आणि हिस्से तरीही समान न झाल्यास पैशाने भरपाई करून देण्याची तरतूद नियम १४ मध्ये आहे. पण अहवालात बहुधा एवढेच असते : 'वाटप सरस-निरस मानाने करण्यात आले आहे.' सरस काय, निरस काय, ते कोणाच्या दृष्टीने, ह्याचा पत्ता नाही. ज्या शब्दाने तुलना उलगडावयाची तोच शब्द तुलना झाकण्यासाठी वापरला जातो. पुण्यातील जुन्या वाड्यात चौक, विहीर, जिना आणि शौचकूप ही अविभाज्य असतात. ती सामाईक ठेवली म्हणजे वाटप झाले असे समजतात, आणि दुसरा दावा त्या जिन्यावरच उभा राहतो. तोडणे मुळातच शक्य वा हितावह नसेल तर विक्रीचा मार्ग १८९३च्या विभाजन कायद्याने खुला ठेवला आहे. गोव्यात तर वारसांच्या इन्व्हेंटरी प्रक्रियेत वारसांनी आपसांत बोली लावून मिळकत घेण्याची पोर्तुगीज काळापासूनची रीत आहे. आपल्याकडे हा पर्याय सुचविणारा अहवाल क्वचितच लिहिला जातो. तोडण्यास सांगितले म्हणून तोडले, असाच भाव असतो.

ह्या वाटपाच्या गद्यात स्त्रियांचे स्थान हा स्वतंत्र अभ्यासाचा विषय आहे. येथे एकच गोष्ट नोंदवितो. १९५६च्या हिंदू वारसा कायद्याच्या कलम २३ प्रमाणे कुटुंबाच्या राहत्या घराचे वाटप पुरुष वारसांनी मागेपर्यंत स्त्री वारसाला मागता येत नसे. अविवाहित, परित्यक्ता, विभक्त किंवा विधवा मुलीला फक्त तेथे राहण्याचा हक्क होता. ९ सप्टेंबर २००५ रोजी अमलात आलेल्या दुरुस्तीने हे कलम गेले आणि मुलगी जन्मतःच सहदायाद झाली. आंध्र प्रदेशातील एका दाव्यात त्या वेळी प्राथमिक हुकूमनामा १९९९ साली होऊन गेलेला होता, २००३ साली त्यात दुरुस्ती झालेली होती, कमिशनरने वाटपाचा अहवाल दाखल केलेला होता, आणि तो विचाराधीन असतानाच नवा कायदा आला. मुलींनी अर्ज केला; मूळ न्यायालयाने तो मान्य केला, उच्च न्यायालयाने फिरविला. सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली मूळ न्यायालयाचा आदेश कायम करताना सांगितले की अंतिम हुकूमनामा होईपर्यंत वाटपाचा दावा संपत नाही, आणि बदललेल्या कायद्याप्रमाणे हिस्से पुन्हा ठरविता येतात. कमिशनरचा तो अहवाल जुन्या हिश्श्यांना धरून केलेला होता. त्याने आखलेल्या रेषा पुसून नव्याने आखावयाच्या, तर पहिल्यांदा त्या तेथेच का आखल्या होत्या, कोणती खोली कोणत्या खोलीच्या तोडीची मानली होती आणि कोणत्या कारणाने, हे त्या अहवालात लिहिलेले असावयास हवे. ते लिहिलेले असेल तर दुसरा कमिशनर तेथून पुढे जाऊ शकतो. नसेल तर त्याला टेप घेऊन पुन्हा पहिल्या उंबरठ्यापासून सुरुवात करावी लागते, आणि त्याचा खर्च पुन्हा पक्षकारांनाच भरावा लागतो.